सतरा सामने

माझा थोरला भाऊ प्रसेनजीत आठ वर्षं फुटबॉलच्या पगारावर जगला. त्या आठ वर्षांत तो एकूण सतरा सामने खेळला. बाकीचे सगळे सामने त्यानं मैदानाच्या कडेला, राखीव खेळाडूंच्या बाकावर, हातमोजे मांडीवर ठेवून बघितले. कोल्हापुरात फुटबॉलवर बोलणारी माणसं पैशाला पासरी. त्यातली बरीचशी त्याला अजून विचारतात, "गोव्यात सहा वर्षं काय केलंस रं?" तो हसतो आणि म्हणतो, "पाणी दिलं." ते खरं नाही, म्हणून मी सांगते.

आम्ही कोल्हापूर जिल्ह्यातल्या कबनूरचे. आबा चाळीस वर्षं यंत्रमागावर होते, आई त्याच शेडात सुताच्या कांड्या भरायची. मागांच्या खडखडाटानं आबांचे कान पन्नाशीच्या आतच गेले. त्यांच्याशी बोलायचं म्हणजे ओरडायचं, आणि ते स्वतः तर नेहमीच ओरडतात. दादा गोलकीपर कसा झाला याची एक गोष्ट आमच्या गल्लीत सांगतात. तो बारा वर्षांचा असताना आबांचा डबा द्यायला शेडात गेला, मागावर सूत घेऊन इकडून तिकडं पळणारा धोटा सुटून उडाला आणि ह्यानं तो हवेतच झेलला, अशी. मी तिथं होते, नऊ वर्षांची. धोटा उडाला हे खरं. दादानं तो झेलला नाही. तो त्याच्या तळहातावर बसला आणि हात आठवडाभर पावासारखा सुजला होता. दुसऱ्या दिवशी डाव्या हातात डबा घेऊन तो त्याच मागापुढून गेला, हे मात्र कुणी सांगत नाही. मला वाटतं, सांगण्यासारखं तेच होतं.

बारावीनंतर तो कोल्हापुरात राजारामपुरीत मामाकडे राहायला गेला. नाव कॉलेजात आणि सगळा जीव भैरी तालमीच्या संघात. आमच्याकडं तालमीत नुसती कुस्ती नसते. प्रत्येक पेठेच्या तालमीचा फुटबॉलचा संघ असतो, आणि मोठा सामना असला की शाहू स्टेडियमच्या पायऱ्यांवर बूड टेकायला जागा मिळत नाही. भैरीचे प्रशिक्षक हंबीरराव एस.टी.च्या वर्कशॉपमध्ये मेकॅनिक होते. त्यांना सगळे वस्ताद म्हणत. पहिल्याच दिवशी ते दादाला म्हणाले, "गोलकीपरला दोनच गोष्टी लागत्यात बघ. हात आन् निलाजरेपणा. गोल खाल्ला की इसरायचं." हात त्याला होते. निलाजरेपणा शेवटपर्यंत जमला नाही.

एकविसाव्या वर्षी म्हापशाच्या एका क्लबनं त्याला उचललं. कबनूरच्या आमच्या गल्लीत पेढे वाटले गेले. तिथं गेल्यावर कळलं की त्याला दुसरा गोलकीपर म्हणून घेतलंय. पहिला होता आग्नेलो. तीस वर्षांचा, ताडासारखा उंच, गोव्याच्या संघातून खेळलेला, म्हापशात ज्याला रिक्षावाले थांबून हात करतात असा. अकरा जणांत गोलकीपर एकच असतो. पुढं खेळणारे बदलतात, दमतात, कुणाची तरी जागा कुणाला तरी मिळते. दुसऱ्या गोलकीपरला जागा मिळायची तर पहिल्याला काहीतरी व्हावं लागतं. सामन्याच्या दिवशी दादाचं काम असायचं सुरुवातीला अर्धा तास आग्नेलोला चेंडू मारून द्यायचे, त्याचे हात गरम करायचे, आणि मग जाऊन बसायचं.

पहिली दोन वर्षं तो फोनवर माझ्याजवळ चिडायचा. घरात मला संघा म्हणतात. "संघा, मी त्याच्यापेक्षा चांगला हाय गं." तिसऱ्या वर्षी तो हे म्हणेनासा झाला. चौथ्या वर्षी म्हणाला, "मी त्याच्यापेक्षा चांगला न्हाय. पन त्याच्यामुळं चांगला झालोय." आग्नेलोनं त्याला बरंच शिकवलं. कॉर्नरला कुठं उभं राहायचं, समोरचा मारायच्या आधी त्याची कंबर कशी बघायची, अंगावर पडताना खांदा आत कसा घ्यायचा. रविवारी आग्नेलोच्या घरी जेवायला बोलावणं असायचं. आग्नेलोला ताप आला तेव्हा दोन आणि त्याला लाल कार्डाची शिक्षा झाली तेव्हा दोन, असे सहा वर्षांत दादा चार सामने खेळला.

सहाव्या वर्षी त्यांचा क्लब गोव्यातल्या मोठ्या स्पर्धेत उपांत्य फेरीत गेला. आबांनी त्याच महिन्यात माग सोडला होता. घरात बसून त्यांना करमत नव्हतं. ते म्हणाले, "आपण जाऊया गोव्याला. पोराला बघूया."

आई त्यांच्या कानाशी ओरडली, "त्यो खेळणार न्हाय! बाकावर बसणार!"

"बसंना! बसल्याला बघतो!"

मी तेव्हा राजारामपुरीत एका दवाखान्यात फिजिओथेरपिस्ट म्हणून नुकतीच लागले होते. सामन्याच्या तीन दिवस आधी दुपारी दादाचा फोन आला. आवाज दबका होता.

"संघा, खांदा सटकून परत बसला, तर माणूस खेळू शकतो का?"

"कुणाचा खांदा? तुझा?"

"माझा न्हाय."

मग त्यानं सांगितलं. सकाळी सरावात आग्नेलो हवेतून वाकडा पडला. बाकीचा संघ मैदानाच्या दुसऱ्या टोकाला होता, या गोलापाशी हे दोघंच. आग्नेलोनं गोलच्या खांबाला टेकून, दात खाऊन, स्वतःचा खांदा स्वतःच बसवला. वर्षातली ही तिसरी खेप होती. आणि त्यानं दादाला शपथ घातली होती, कुणाला बोलायचं नाही.

"तिसरी खेप म्हणजे आत फाटलंय," मी म्हणाले. "सामन्यात तसाच पडला तर हात कायमचा अधू होईल, दादा. डोक्याच्या वर जाणार नाही परत."

"त्याचं वय छत्तीस हाय. कळलं तर क्लब त्याला ठिवणार न्हाय. दोन बारक्या पोरी हायत त्याला."

"म्हणून गप्प बसणार?"

"सांगितलं तर मी खेळणार की."

"मग त्यात वाईट काय?"

"सहा वर्षं टपून बसलाता म्हणतील."

"म्हणू देत."

तो  म्हणाला, "लोकांचं सोड गं. मी कशासाठी सांगणार हाय, ते माझं मलाच कळंना झालंय."

मी त्याला सल्ला दिला की आधी आग्नेलोलाच सांग, त्यानं स्वतःहून प्रशिक्षकांना सांगावं. संध्याकाळी दादा त्याच्या घरी गेला. आग्नेलोनं ऐकून घेतलं आणि एवढंच म्हणाला, "तुला खेळायचं असेल तर तसं सरळ बोल." त्यानंतर दादा काय करणार होता ते त्यानं मला सांगितलं नाही. मीही दवाखान्याच्या गडबडीत विचारलं नाही.

सामन्याच्या दिवशी आम्ही पहाटेच्या एस.टी.नं निघालो. आंबोलीच्या घाटात आईला मळमळलं, आबा खिडकीशी बसून दिसेल ती पाटी मोठ्यानं वाचत होते. चारच्या आत मैदानावर पोचलो. ध्वनिक्षेपकावर संघ सांगायला लागले तेव्हा मला वाटलं, पहिलं नाव आग्नेलोचं येईल, नाहीतर दादाचं. नाव आलं तिसऱ्याच गोलकीपरचं. माविया. मिझोरामचा, वीस वर्षांचा, त्याआधी एकही सामना न खेळलेला. बाकाच्या एका टोकाला आग्नेलो हात गळ्यात बांधून बसला होता. दुसऱ्या टोकाला दादा, उजव्या मनगटाला पांढरी पट्टी. दोघं एकमेकांकडं बघत नव्हते.

"हाताला काय झालं ह्याच्या?" आबा ओरडले. आजूबाजूच्या चार ओळी वळल्या. मी खांदे उडवले.

सुरुवातीला मावियाच्या हातातून चेंडू दोनदा सुटला. मग विसाव्या मिनिटाला त्यानं पेनल्टी अडवली आणि त्यानंतर तो पोरगा दिसेनासा झाला, नुसते हात दिसायला लागले. क्लब एक-शून्यनं जिंकला. लोक मैदानात घुसले, मावियाला उचललं. आबा मात्र सगळा वेळ बाकाकडं बघत होते.

रात्री आम्ही एका लॉजवर उतरलो. दादा सकाळी आम्हाला सोडायला म्हापशाच्या बसस्टँडवर आला. आईनं त्याचा हात हातात घेतला. पट्टी बाजूला सारून मनगट दाबलं, बोटं एकेक वाकवली, तळवा उलटा केला. तिनं आयुष्यभर हातांनीच काम केलंय. म्हणाली, "ह्या हाताला कायबी झाल्यालं न्हाय."

दादानं मान खाली घातली. मग हळू आवाजात सगळं सांगितलं. आग्नेलोनं ऐकलं नाही म्हणून तो दुसऱ्या दिवशी प्रशिक्षकांकडं गेला. आग्नेलोचा खांदा निकामी आहे, त्याला खेळवू नका, असं सांगितलं. आणि त्याच दमात, माझंही मनगट मुरगळलंय, मलाही खेळवू नका, असंही सांगितलं.

"काय म्हणतोय त्यो?" आबा ओरडले.

आई रडायला लागली होती. दादाला तर ओरडून सांगणं शक्यच नव्हतं. म्हणून मी आबांच्या कानाला तोंड लावलं आणि सगळी हकीकत पहिल्यापासून शेवटपर्यंत ओरडून सांगितली. टोपल्या घेऊन बसलेल्या मासळीवाल्या बायका, कंडक्टर, कॉलेजची पोरं, सगळं स्टँड गप्प होऊन ऐकत होतं. दादाचा चेहरा लाल झाला होता. मधेच एकदा तो म्हणाला, "संघे, हळू की." पण हळू सांगून उपयोग नव्हता.

आबांनी सगळं ऐकून घेतलं. मग त्यांच्या नेहमीच्या आवाजात, म्हणजे पूर्ण स्टँडला ऐकू जाईल असं, म्हणाले, "खांद्याचं सांगितलंस ते बेस केलंस. मग हाताचं खोटं का बोललास?"

दादा पुटपुटला. मी ओरडले, "कुणी नावं ठेवू नयेत म्हणून!"

"आन् त्या बारक्या पोराला पुढं ढकललंस व्हय? त्यानं पाच गोल खाल्लं असतं तर? त्याला घरला घालवलं असतं. कुणामुळं? तू त्या आग्नेलोसाठी न्हाय केलंस हे. तुझ्या नावाला डाग लागू नये म्हणून केलंस. चल."

"कुठं?"

आबांना एवढं ऐकू आलं की काय कोण जाणे. "तुझ्या साहेबाकडं. चल म्हणतो न्हवं."

आमची बस समोरून निघून गेली. आम्ही चौघं बॅगा घेऊन चालत क्लबवर गेलो. प्रशिक्षक कुरियन सर केरळचे होते, पन्नाशीचे, बारीक अंगाचे. आबांनी दारातूनच मोठ्यानं "जय भीम साहेब" केलं. ते दचकून उभे राहिले. दादानं हिंदीत सांगितलं. मनगट बरं होतं, मी खोटं बोललो. ते सांगताना त्यानं पट्टी सोडून टेबलावर ठेवली.

कुरियन सरांनी आधी आबांना खुर्ची दिली. मग जे बोलले ते मला जसंच्या तसं आठवतंय. म्हणाले, "आग्नेलोचं तू सांगितलंस म्हणून त्याचा हात वाचला. मी सांगायला लावलं असतं तरी तो बोलला नसता. त्याबद्दल मी तुझा आभारी आहे. पण काल माझ्याकडं खेळू शकणारा गोलकीपर होता आणि त्यानं मला नाही म्हणून सांगितलं. गोलकीपर मागून ओरडतो त्यावर सगळा संघ डोळे झाकून हलतो. आता तुझ्या आवाजावर मी कसा हलू? अंतिम सामना माविया खेळेल."

दादा "बरोबर आहे सर" म्हणाला. बाहेर आल्यावर तो आबांच्या पाया पडायला वाकला, आबांनी दंडाला धरून वर उचललं. अंतिम सामना ते दोन गोलांनी हरले. मे महिन्यात क्लबनं मावियाला तीन वर्षांसाठी बांधून घेतलं, आग्नेलो आणि दादा या दोघांनाही सोडून दिलं.

मी आबांवर फार चिडले होते. गप्प बसले असते तर काय बिघडलं असतं? एक वर्ष तरी मिळालं असतं. मी आठ दिवस आबांशी बोलले नाही. ते त्यांना कळलंच नाही.

दादा कबनूरला परत आला तो सामान घेऊनच. त्याचा मित्र अतुल याचं शाहूपुरीत खेळाच्या सामानाचं दुकान आहे. तिथं तो बूट विकायला उभा राहायला लागला. गिऱ्हाईक बूट घालून बघताना हा खाली बसून नाड्या बांधून द्यायचा. ओळखीची माणसं गोव्याचं विचारायची. ती "पाणी दिलं"ची थट्टा त्यानं तिथंच शोधून काढली. घरी तो जेवायचा, झोपायचा, सकाळी ओढ्याकाठी एकटाच पळून यायचा.

ऑगस्टमध्ये एका दुपारी मी त्याचा डबा घेऊन दुकानात गेले होते. त्याचा फोन वाजला, नाव बघून त्यानं तो काउंटरवर ठेवला आणि माझ्याकडं बघितलं. मी फोन उचलून त्याच्या कानाला लावला. आग्नेलोचा आवाज मलाही ऐकू येत होता. मागं पोरींचा गोंगाट होता.

"ऑपरेशन झालं," आग्नेलो म्हणाला. "डॉक्टर म्हणाला, अजून एकदा पडला असतास तर हातानं शर्ट घालता आला नसता."

"बरं झालं का आता?"

"धाकटीला उचलून घेतो. ऐक. मी तुझ्यावर तीन महिने दात खात होतो. तू माझी जागा घेतलीस म्हणून नाही, घेतली नाहीस म्हणून. तू खेळला असतास तर मी तुला शिव्या घालून मोकळा झालो असतो. मनगट बरं होतं हे कुरियननं मला दुसऱ्याच दिवशी सांगितलं. मूर्ख आहेस तू. सहा वर्षं काय त्या पोराला वर चढवायला माझ्याकडं शिकलास?"

दादा हसला. त्या उन्हाळ्यानंतर मी त्याला पहिल्यांदाच हसताना बघत होते. मग त्याचे डोळे भरले आणि तो बुटांच्या खोक्यांकडं तोंड करून उभा राहिला.

"शिलाँगचा एक क्लब गोलकीपर शोधतोय," आग्नेलो म्हणत होता. "माझा जुना जोडीदार तिथं मॅनेजर आहे. मी तुझं नाव दिलंय. पहिला गोलकीपर. दुसरा नाही, कळलं? त्यांनी विचारलं, माणूस कसा आहे. मी म्हटलं, हात चांगले आहेत, आणि कुठं दुखलं-खुपलं तर सांगतो. कुणाचंही सांगतो."

सप्टेंबरात दादा शिलाँगला गेला. पहिल्याच सामन्यात त्यानं चार गोल खाल्ले. संध्याकाळी फोनवर म्हणाला, "थंडीनं बोटं वळंनात." मी म्हटलं, "खरं सांग." तो म्हणाला, "भ्यालो गं. मागं बघितलं तर बाकावर दुसरा गोलकीपर बसलाता, सरावाला माझे हातमोजे धरणारा पोरगा. त्याला काय वाटत आसंल तेच मनात." पुढच्या आठवड्यात त्यानं एक गोल खाल्ला, त्याच्या पुढच्या आठवड्यात एकही नाही. त्या मोसमात तो बारा सामने खेळला. क्लब सहावा आला. खालून वर मोजलं तरी फार फरक पडत नाही, मधलाच नंबर. पण डिसेंबरात तिथल्या वर्तमानपत्रात त्याचा फोटो आला. पूर्ण आडवा, हवेत, बोटांच्या टोकांवर चेंडू. कात्रण आईनं बुद्धमूर्तीच्या बाजूला लावलंय. आबा येणाऱ्या-जाणाऱ्याला ते दाखवतात आणि चेंडू गोलात गेला नाही हे ओरडून सांगतात, कारण फोटोवरून ते नक्की कळत नाही.

दुसऱ्या मोसमात एक सामना झाला आणि टाळेबंदी आली. क्लब त्यातून उठलाच नाही. असे सतरा.

त्यानंतर तो कोल्हापुरातच आहे. लग्न झालं, वहिनी निशा शिक्षिका आहे. अतुलच्या दुकानात आता तो भागीदार आहे. पाच वर्षं तो पुन्हा भैरी तालमीकडून शाहू स्टेडियमवर खेळला. या वर्षी जानेवारीत गुडघा धरून माझ्याच दवाखान्यात आला. मी तपासलं, फोटो काढून आणायला लावला, आणि जे होतं ते सांगितलं. तो चौतीस वर्षांचा आहे. तिथून उठून तो सरळ हंबीरराव वस्तादांच्या घरी गेला आणि म्हणाला, "वस्ताद, गुडघा संपला." वस्तादांनी आधी यथेच्छ शिव्या दिल्या, मग चहा दिला, मग तालमीच्या गोलकीपरांचा सराव त्याच्या गळ्यात घातला.

गेल्या रविवारी भैरीचा सामना होता. आता गोलात सम्राट नावाचा नवा मुलगा असतो. वस्तादांनी दादाला खाली बाकाशेजारी बोलावलं होतं, पण तो माझ्याबरोबर वर पायऱ्यांवर बसला. मला वाटतं, तिथून मैदान कसं दिसतं हे त्याला बघायचं होतं. पंचविसाव्या मिनिटाला लांबून मारलेला साधा चेंडू सम्राटच्या डोक्यावरून आत गेला. आमच्या पुढ्यात बसलेला जाडजूड माणूस उठून उभा राहिला आणि सम्राटच्या आईपासून सुरुवात केली.

दादानं त्याच्या पाठीला हात लावला. "पावणं, ऊन हाय डोळ्यावर त्याच्या. हितनं कळत न्हाय."

माणूस वळला. "तुमाला लई कळतंय? कोण तुमी?"

"गोलकीपर."

"कुठल्या टीमचं?"

दादानं जरा विचार केला. "आत्ता कुठल्याच न्हाय. बसा, सुरू झालं."

माणूस बसला, पण अर्धा वळूनच. थोड्या वेळानं त्यानं भुईमुगाच्या शेंगांचा पुडा मागं केला. "ऊन हाय तर टोपी घालायची की त्यानं."

"टोपी घातली तर उंच चेंडू दिसत न्हाय."

"मग काय करायचं?"

"दोन पावलं पुढं यायचं."

"पुढं आला आन् डोक्यावरनं मारला तर?"

मला पाच वाजता पेशंट होता, मी उठले. जिन्यापाशी पोचून मागं बघितलं तर ते दोघं उभे राहून हातवारे करत भांडत होते, आणि त्यांच्या मागचे लोक दोघांनाही खाली बसा म्हणून ओरडत होते.